आवाज किती ठेवायचा?

बुलढाण्याहून खामगावला निघालेली एसटी बोथ्याच्या घाटाला लागली, की गाडीतल्या अर्ध्या लोकांचे अंगठे एकदम हलतात. ड्रायव्हर गिअर खाली घेतो, इंजिन गुरगुरायला लागतं, खिडकीची काच चौकटीत थडथडते, आणि ज्यांच्या ज्यांच्या कानात काही आहे ते सगळे फोनचा आवाज वाढवतात. मीही वाढवते. नोकरीमुळे आठवड्यातले सहा दिवस हा प्रवास असतो, साधारण दीड तास जायला आणि दीड तास यायला. घाट संपतो, रस्ता सरळ होतो, पण वाढवलेला आवाज कमी करायचं कुणालाच सुचत नाही.

मागच्या हिवाळ्यात एकदा घरी आले, कानातली बोंडं काढली, तर आई स्वयंपाकघरातून बोलत होती ते कापूस घातल्यासारखं ऐकू आलं. मधेच एक बारीक शिट्टी, कुकरची नव्हे, माझ्याच डोक्यातली. सकाळपर्यंत ती गेली. पण ओसरीवर बसलेल्या आबांनी मला दोनदा "काय?" म्हणताना पाहिलं होतं. आमच्या घरात "काय?" हा शब्द आबांचा. ते म्हणाले, "आवाज कमी ठेव वं पोरी. माह्यासारखं होईन."

आबा, म्हणजे माझे आजोबा, खामगावच्या एका जिनिंग-प्रेसिंगमध्ये तीसएक हंगाम होते. त्यांना ऐकू कमी येतं हे आम्ही म्हातारपणाच्या खात्यावर टाकून मोकळे झालो होतो. मी त्या रात्री ठरवलं एवढंच, की आता बोंडं नकोत. कान पूर्ण झाकणारा, बिनवायरचा, दोन हजारांच्या आतबाहेरचा एक हेडफोन घ्यायचा. रोज वापरायचा, पावसापाण्यात बॅगेत कोंबायचा. पण कुठला घ्यावा हे शोधताना मी जे वाचत गेले, ते मला मुंबई, लंडन, उटाह असं फिरवून परत आबांच्या जिनिंगच्या दारात आणून सोडेल असं वाटलं नव्हतं.

सुरुवात खामगावातूनच करते, कारण दूरचा निरोप तारेतून ऐकायची आपल्याकडची गोष्ट कापसाशी बांधलेली आहे. १८५३ साली निजामाकडून वऱ्हाड इंग्रजांच्या ताब्यात आलं. पुढे १८६१ ते १८६५ अमेरिकेत यादवी पेटली, तिकडचा कापूस अडला आणि मँचेस्टरच्या गिरण्यांना वऱ्हाडची काळी जमीन आठवली. जलंबपासून खामगावपर्यंतचा तेरा किलोमीटरचा रेल्वेचा फाटा खास कापसासाठी टाकलेला. १८७० साली त्याच्या उद्घाटनाला स्वतः व्हाइसरॉय लॉर्ड मेयो खामगावात आले होते. आज त्या फाट्यावरून जाताना हे कुणाला सांगितलं तर हसतील. सुएझचा कालवा आदल्याच वर्षी खुला झाला होता आणि मुंबई-लंडन समुद्री तारही १८७०चीच. इतिहासकार स्वेन बेकर्ट यांनी कापसाच्या जागतिक इतिहासात लिहिलंय, की लिव्हरपूलच्या व्यापाऱ्याने वऱ्हाडात तार केली की सहा आठवड्यांत गाठी त्याच्या धक्क्यावर पोचायच्या.

तारेचा निरोप खरं तर डोळ्यांसाठी होता. मोर्सच्या यंत्रात कागदाच्या पट्टीवर ठिपके-रेघा उमटत आणि त्या वाचायच्या असत. पण जगभरच्या तारबाबूंच्या लक्षात आलं, की पट्टीकडे बघायची गरजच नाही; यंत्राची टकटक ऐकूनही अक्षरं कळतात. वरिष्ठांना हे आधी आवडलं नाही, मग तेच रूढ झालं आणि पट्टी गेली, नुसता टकटक करणारा 'साउंडर' राहिला. दूरचं काहीतरी कानांनी ऐकणं हे पोटापाण्याचं काम झालं ते असं. भारतातली तारसेवा बंद झाली ती २०१३च्या जुलैत. मी तेव्हा शाळेत होते आणि मला ती बातमी कुणाच्या मोबाइलवर दिसली होती.

हेडफोनचा पहिला उपयोगही असाच नोकरीतला. टेलिफोन एक्स्चेंजमधल्या बायका आणि जहाजांवरचे बिनतारी ऑपरेटर. 'वायरलेस' हा शब्द आपण आज ब्लूटूथसाठी वापरतो, पण त्याची सुरुवातच एका कानाला लावलेल्या रिसीव्हरपासून झाली. डिसेंबर १९०१मध्ये मार्कोनी न्यूफाउंडलंडच्या टेकडीवर बसला, पतंगाने अँटेना वर चढवली आणि अटलांटिकपलीकडून येणारी टकटक त्याने टेलिफोनच्या रिसीव्हरमधून ऐकली. लहरी पकडायला त्याने पाऱ्याचा जो 'कोहीरर' वापरला, तसल्या उपकरणाचं वर्णन जगदीशचंद्र बोस यांनी १८९९ साली प्रसिद्ध केलं होतं. ते श्रेय बोसांना नीट मिळायला पुढचं जवळपास शतक गेलं. असो.

ज्याच्या घडणीत आजचा हेडफोन ओळखू येतो, तो मात्र उटाहमधल्या नथॅनिएल बाल्डविनचा. हा मॉर्मन पंथाचा माणूस. देवळातलं प्रवचन नीट ऐकू येत नाही म्हणून याने आवाज मोठा करायच्या खटपटी सुरू केल्या, असं सांगतात. १९१०मध्ये त्याने आपला जोड अमेरिकन नौदलाकडे धाडला. नौदलाने तो तपासला, पसंत केला आणि मागणी नोंदवली. बाल्डविनने कळवलं, की एका वेळी दहाच देता येतील, कारण तो ते घरच्या स्वयंपाकघरात करत होता. मला या गोष्टीत आवडतं ते एवढंच, की सुरुवात एका माणसाला नीट ऐकू येत नव्हतं इथून झाली. टेलिफोनवाला ग्रॅहम बेलही मुळात मूकबधिरांचा शिक्षक, आई कर्णबधिर, पुढे बायकोही.

आपल्याकडे रेडिओ आला तो हेडफोन घेऊनच. जुलै १९२७मध्ये मुंबईत इंडियन ब्रॉडकास्टिंग कंपनीचं केंद्र सुरू झालं, तेव्हाचा सगळ्यात स्वस्त रेडिओ म्हणजे क्रिस्टल सेट. त्याला वीज लागत नसे आणि त्यामुळे स्पीकर हलवायची ताकदही नसे. कानाला लावल्याशिवाय आवाज नाही. एकच जोड आणि ऐकणारे चार, तर एकेक कान वाटून घ्यायचा. आम्ही कॉलेजात एक वायर दोघींत वाटायचो, तेच हे. बुलढाण्यापर्यंत मात्र मुंबईच्या त्या आवाजाची पोच कुठली! आमच्या भागाचं जवळचं केंद्र नागपूर, ते सुरू झालं १९४८मध्ये. १९५६च्या सुरुवातीला आकाशवाणी आणि युनेस्कोने मराठी खेड्यांत गट करून रेडिओ ऐकायचा आणि त्यावर चर्चा करायचा मोठा प्रयोग केला, पुणे, नगर, नाशिक, उत्तर सातारा, कोल्हापूर या पाच जिल्ह्यांत. बुलढाणा त्यात नव्हता आणि असता तरी कसा? तेव्हा आपण मध्य प्रदेशात होतो. मुंबई राज्यात आलो त्याच वर्षीच्या १ नोव्हेंबरला.

आबांच्या आठवणीतला रेडिओ त्याच्याही नंतरचा, चौकातल्या हॉटेलातला. घरी रेडिओ घ्यायचा तर पोस्टात लायसन काढावं लागे, वर्षाला पैसे भरावे लागत. ते रद्द झालं १९८०च्या दशकात. आबांच्या पेटीत ती पुस्तिका अजून आहे. मी त्यांना सांगितलं, की माझ्या डोक्यावर जे बसणार आहे त्यात ऐकायचा आणि पाठवायचा असे दोन्ही रेडिओ आहेत, आणि लायसन नाही. त्यांना ते पटलं नाही. पण खरं आहे: ब्लूटूथ ज्या २.४ गिगाहर्ट्झच्या पट्ट्यात चालतं, तो पट्टा सरकारने २००५ साली कमी ताकदीच्या उपकरणांसाठी लायसनमुक्त केला. ब्लूटूथचं काम स्वीडनमध्ये एरिक्सनच्या प्रयोगशाळेत १९९४ला सुरू झालं होतं, आणि नाव दहाव्या शतकातल्या एका डॅनिश राजाचं. त्यातून संगीत धाडायची ठरलेली पद्धत आली २००३ला. फोन कंपन्यांनी वायरचं भोक बुजवायला सुरुवात केली २०१६च्या आसपास, आणि मग आपल्याकडे स्वस्त हेडफोनांचा पूर आला.

या पुरात उतरल्यावर मला पहिल्यांदा कळलं ते असं, की खोक्यावर 'ओव्हर-इअर' लिहिलेलं निम्मं सामान ओव्हर-इअर नसतंच. पाळी आत बसते तो ओव्हर-इअर. उशी पाळीवर टेकते तो ऑन-इअर. दोन हजारांच्या खालचे पुष्कळसे दुसऱ्या जातीचे, आणि फोटोत फरक कळत नाही. खामगावच्या एका दुकानात मी सहा हेडफोन डोक्यावर चढवून पाहिले, तीनच कान झाकत होते. दुकानदार म्हणाला, "मॅडम, बेस ऐका." मी म्हटलं, "आधी दार उघडा." बाहेर ट्रक उभा होता. गाणं बंद ठेवून, नुसता हेडफोन घालून ट्रकचा आवाज किती मरतो ते मला बघायचं होतं.

हे खूळ माझ्या डोक्यात आलं ते जागतिक आरोग्य संघटनेच्या एका साध्या आकड्यामुळे. सरासरी ८० डेसिबलला आठवड्याला ४० तास ऐकणं सुरक्षित. ९० डेसिबलला फक्त ४ तास. तीन डेसिबल वाढले की वेळ निम्मी होते. माझा प्रवास आठवड्याला अठरा तासांचा. म्हणजे ८३ डेसिबलपर्यंत मी जेमतेम बसते आणि ८६ला माझे दहा तासच उरतात. आता एसटीच्या आतला घाटातला आवाजच जर त्या आसपास असेल, तर त्याच्या वर गाणं ऐकू यायला मला आणखी किती चढवावं लागेल? माझा त्रास गाण्याचा नव्हताच, इंजिनाचा होता. जो हेडफोन इंजिन बाहेर ठेवील तो मला हळू ऐकू देईल. मग ड्रायव्हर ४० मिलिमीटरचा का ५०चा, ब्लूटूथ ५.० का ५.३, या गोष्टी माझ्यासाठी मागे पडल्या. (ब्लूटूथच्या नंबराने गाणं गोड होत नाही. प्रत्येक ब्लूटूथ हेडफोनला एसबीसी नावाची एक कोडेक यावीच लागते आणि बसमध्ये ती पुरते. दुकानात मात्र नंबरच आधी सांगतात.)

बाहेरचा आवाज दोन तऱ्हांनी अडतो. जाड, कानाभोवती नीट बसणारी उशी वरच्या पट्टीचे आवाज अडवते: हॉर्न, काच, पोरांचा गलका. इंजिनाचा खर्ज उशीला जुमानत नाही. त्याच्यासाठी दुसरी युक्ती: बाहेरचा आवाज माइकने पकडायचा आणि त्याच्या बरोबर उलटी लहर कानात सोडायची, की दोन्ही एकमेकांना खाऊन टाकतात. पॉल लुएग नावाच्या जर्मन माणसाला या कल्पनेचं अमेरिकन पेटंट १९३६ला मिळालं, पण तेव्हा ती करून दाखवायची साधनंच नव्हती. १९७८मध्ये अमर बोस झुरिकहून बोस्टनला विमानाने चालले होते. वडील बंगालचे, इंग्रजांच्या तावडीतून निसटून १९२०मध्ये अमेरिकेत गेलेले क्रांतिकारक. विमानात मिळालेल्या हेडफोनमधून घरघरीपुढे काही ऐकू येईना, तेव्हा त्यांनी तिथेच कागदावर गणित मांडलं. ते दुकानात यायला अकरा वर्षं लागली. १९८९ला पहिला संच निघाला तो वैमानिकांसाठी. आज तीच युक्ती दोन-अडीच हजारांत मिळते. स्वस्तातली अर्धीमुर्धी असते हे खरं, माणसांचं बोलणं ती थांबवत नाही, पण एकसुरी खर्जावर चालते. आणि एसटीचं इंजिन म्हणजे एकसुरी खर्जच की.

डेसिबल वाचता वाचता मी कधी जिनिंगवर गेले ते कळलं नाही. २०११ साली 'नॉइज अँड हेल्थ' या नियतकालिकात जळगावच्या जिनिंगमधल्या कामगारांवर एक अभ्यास आलाय. जळगाव म्हणजे आमचा शेजार, तेच डबल रोलर, तीच सरकी. कामाच्या जागी मोजलेला आवाज ८९ ते १०६ डेसिबल. आपल्या कारखान्यांच्या नियमांत दिवसाला आठ तासांसाठी मर्यादा ९० डेसिबलची आहे, आणि आवाजाने येणारं बहिरेपण कायद्यात नोंदवण्याजोगा रोग म्हणून लिहिलेलं आहे. मी हे आबांना वाचून दाखवलं. मोठ्याने, दोनदा. त्यांनी विचारलं, "कोन नोंदवते?"

हंगामात बारा-बारा तासांची पाळी असायची. कानात घालायला काही दिलं होतं का, तर नाही. काही जण रुईचाच बोळा घालत. कापसाच्या ढिगात उभं राहून कापसाचाच बोळा. खुणांनी बोलायचे, बोट वर म्हणजे पट्टा, मूठ म्हणजे थांबव. घरी आल्यावर रात्रभर कानात शिट्टी वाजे, सकाळी जाई. "मंग एक दिवस गेलीच नाई," आबा म्हणाले. मी माझ्या शिट्टीचं त्यांना सांगितलं नव्हतं, अजूनही सांगितलेलं नाही.

कानाच्या आतल्या शंखात केसांसारखे तुरे असलेल्या काही हजार पेशी असतात, जन्मताना मिळतात तेवढ्याच, मेलेली पुन्हा येत नाही. मोठ्या आवाजाने आधी जातात त्या वरच्या पट्टीच्या, चार हजार हर्ट्झच्या आसपासच्या. बोलण्यातले स, श, फ त्याच वरच्या भागात राहतात. म्हणून आबांना आवाज येतो, शब्द येत नाही. "साखर" म्हटलं की "आखर" पोचतं. आम्ही ओरडतो, तर आ आणखी मोठा होतो, स तिथल्या तिथेच मेलेला. इतकी वर्षं आम्ही त्यांना "मनावर घेत नाहीत" म्हणायचो.

सोनीने जुलै १९७९मध्ये पहिला वॉकमन काढला, त्याला हेडफोनची भोकं दोन होती आणि एक नारिंगी बटण. ते दाबलं की गाणं हळू होऊन छोट्या माइकमधून शेजारच्याचं बोलणं कानात येई. कंपनीचे अकिओ मोरिता यांना एकट्याने गाणं ऐकणं उद्धटपणाचं वाटलं होतं. त्यांनी घरी नमुना वापरून पाहिला, तर बायको चिडली. लोकांना मात्र एकट्यानेच ऐकायचं होतं, आणि पुढच्या वॉकमनांतून ते बटण गेलं. आता चाळीस वर्षांनी तेच 'ट्रान्सपरन्सी मोड' म्हणून परत आलंय. मी घेतलेल्या हेडफोनमध्ये ते आहे, कंडक्टर आला की लागतं.

हो, घेतला. बाविसशेला. नाव सांगत नाही, कारण तुम्ही वाचाल तोवर ते मॉडेल बंद झालेलं असेल. पाळी पूर्ण आत बसते, खर्ज बराच मरतो, वायर जोडायचं भोक आहे, म्हणजे चार्जिंग संपलं तरी चालतो. त्याच्या खोक्यावर ४० तास लिहिलंय. आवाज रद्द करायचं बटण चालू ठेवलं की मला पंचविसेक मिळतात, आठवडाभराला पुरतात. वाईट सांगायचं तर घाम. बुलढाणा घाटावर आहे, तिथे निभतं. खामगाव घाटाखाली, एप्रिलपासून उशीखालचा कान उकडून निघतो आणि रेक्झिनची उशी घामाने सोलायला लागते. म्हणून उशी काढून दुसरी बसवता येते का हे घेण्याआधी बघा. माझी येते, दोनशे रुपयांत. आणि रस्ता ओलांडताना गळ्यात ठेवा, हे तर आई पण सांगेल.

घाटात आता माझा आवाज साठ टक्क्यांच्या खाली राहतो. इंजिन दूर कुठेतरी, शेजारच्या गावात असल्यासारखं वाटतं. पहिल्या दिवशी मला वाटलं हेडफोनच बिघडलाय, इतकं शांत.

रविवारी आबांनी तो मागून घेतला. डोक्यावर चढवला, उशा दाबून पाहिल्या, "गरम होते" म्हणाले. मी त्यांच्या आवडीचं जुनं कीर्तन लावलं आणि फोन त्यांच्या हातात दिला. बाजूची बटणं त्यांना लगेच सापडली. थोड्या वेळाने ते मान डोलवायला लागले, डोळे मिटून, आणि मला स्वयंपाकघरातून टाळ ऐकू यायला लागले, मग बुवांचे शब्दही, सगळे, स आणि श सकट. मी बाहेर आले. फोनवरची पट्टी शेवटपर्यंत गेली होती आणि लाल अक्षरांत सूचना आली होती.

आबांनी डोळे उघडले. "आता आयकू येते," ते जोरात म्हणाले, हेडफोन घातलेली माणसं बोलतात तसं.